‘जिन’ आलं कुठून? शब्दांच्या क्विझमधलं बरोबर उत्तर कसं ठरतं

टीव्हीवरच्या क्विझमध्ये इतिहासाचा प्रश्न आला की घरातले सगळे बारावीतल्या पोराकडे बघतात, क्रिकेटचा आला की त्याच्या काकाकडे. शब्दाचा प्रश्न आला की मात्र सगळेच बोलायला लागतात. ‘हा शब्द मूळचा कुठला?’ असं विचारायचा अवकाश, आजीपासून सालगड्यापर्यंत प्रत्येकाकडे उत्तर तयार असतं. शब्द सगळ्यांनीच वापरलेला असतो ना. गंमत अशी की यातली बरीचशी उत्तरं चुकतात आणि ऐकायला सगळ्यात छान वाटणारं उत्तर हमखास चुकतं. असं का होतं, आणि पडद्यावर जे उत्तर हिरवं होतं ते बरोबर असल्याचं कार्यक्रमवाल्यांना कोण सांगतं, ते इथे बघू. उदाहरणं शक्यतो आपल्या विदर्भातलीच घेतो.

सुरुवात कापसापासून. ‘कापतात म्हणून कापूस’ असं कोणीतरी म्हणतंच. पण कापूस कापतो कोण? आपण तो वेचतो. दिवाळीच्या आसपास वावरात गेलेल्या कुठल्याही बाईला विचारा, ती हसेल. कापूस हा संस्कृतातल्या ‘कर्पास’चा वंशज आहे, मधल्या काळात प्राकृतात तो ‘कप्पास’ झाला. हे नुसतं जुळतंय म्हणून खरं मानलेलं नाही. ‘हस्त’चा ‘हत्थ’ होऊन ‘हात’ झाला, ‘सप्त’चा ‘सत्त’ होऊन ‘सात’, ‘अष्ट’चा ‘अट्ठ’ होऊन ‘आठ’, ‘कर्ण’चा ‘कण्ण’ होऊन ‘कान’. दर वेळी तेच घडतं: जोडाक्षरातली दोन वेगळी व्यंजनं आधी एका जातीची होतात, मग त्यातलं एक गळतं आणि त्याची भरपाई म्हणून आधीचा ‘अ’ लांबून ‘आ’ होतो. कापूस या रांगेत आपोआप बसतो. ‘कापणे’वाली गोष्ट कुठल्याच रांगेत बसत नाही, ती एकटीच उभी राहते.

व्युत्पत्ती, म्हणजे शब्दाचं मूळ, सांगणाऱ्याची ही पहिली कसोटी. शब्द बदलतात ते मनाला येईल तसे बदलत नाहीत. एका भाषेत एका काळात एक ध्वनी बदलला, तर तो शेकडो शब्दांत साधारण सारखाच बदलतो. आपल्याला हे तपासणं सोपं जावं, कारण आपल्या कानावर मराठी आणि हिंदी दोन्ही रोज पडतात. संस्कृतात ‘क्षेत्र’, हिंदीत ‘खेत’, मराठीत ‘शेत’. संस्कृतात ‘मक्षिका’, हिंदीत ‘मक्खी’, मराठीत ‘माशी’. ‘इक्षु’चा तिकडे ‘ईख’, इकडे ‘ऊस’. ‘कुक्षि’ची तिकडे ‘कोख’, इकडे ‘कूस’. म्हणजे ‘क्ष’ हिंदीकडे गेला की ‘ख’ होतो आणि मराठीकडे आला की ‘श’ किंवा ‘स’. आता कोणी हुशार विचारेल, मग ‘क्षीर’ची ‘खीर’ कशी झाली, ‘शीर’ का नाही? प्रश्न रास्त आहे. उत्तर असं की काही शब्द शेजारच्या बोलींमधून तयार होऊनच आले, आणि खिरीसारखा पदार्थ तर सहज शीव ओलांडतो. महत्त्वाचं हे की नियम मोडणाऱ्या शब्दाचं कारण द्यावं लागतं. कारण न देता ‘असंच झालं असेल’ म्हणणाऱ्याला या खेळात गुण नाहीत.

दुसरी कसोटी तारखेची. ही समजून घ्यायला थोडं विलायतेला जाऊन यावं लागेल, कारण शब्दांवरचे टीव्ही कार्यक्रम तिकडे फार वर्षं चालले आहेत. बीबीसीवर १९६५ साली ‘कॉल माय ब्लफ’ नावाचा खेळ सुरू झाला. तीन-तीन जणांचे दोन संघ. एका संघाला कोणी ऐकलाही नसेल असा शब्द मिळायचा आणि तिघे त्याचे तीन अर्थ सांगायचे. त्यातला एक खरा, दोन थापा. समोरच्या संघाने खरा ओळखायचा. इथे खरी कमाल थाप मारणाऱ्याची असायची. तो अर्थ असा रंगवून सांगायचा की खरा अर्थ त्याच्यापुढे फिका पडावा. मला हा खेळ शब्दांच्या क्विझचा सगळ्यात प्रामाणिक प्रकार वाटतो, कारण छान सांगितलेली गोष्ट आणि खरी गोष्ट या वेगळ्या असू शकतात हे तो उघडपणे मान्य करतो.

पुढे २००६ मध्ये बीबीसीनेच ‘बाल्डरडॅश अँड पिफल’ नावाचा कार्यक्रम केला. व्हिक्टोरिया कोरेन तो सादर करायची. यात ऑक्सफर्डचा मोठा इंग्रजी शब्दकोश सामील होता. कोशवाल्यांनी काही शब्दांची यादी जाहीर केली आणि प्रेक्षकांना सांगितलं की आमच्याकडे या शब्दाचा सगळ्यात जुना पुरावा अमुक सालचा आहे, त्याहून जुना असेल तर आणून दाखवा. लोकांनी माळे उपसले, जुनी मासिकं आणि पत्रकं काढली. मग ती कोशाच्या संपादकांपुढे ठेवायची. ‘माझ्या आजोबांच्या तोंडी हा शब्द होता’ हे तिथे चालत नसे. ज्यावर तारीख आहे आणि ज्यात तो शब्द त्याच अर्थाने आलाय, असा कागद लागे. पुरावा टिकला तर शब्दकोशातली नोंद बदलायची.

कागदावरची तारीख काय करू शकते याचा मासला खुद्द ‘क्विझ’ या शब्दात आहे. गोष्ट अशी सांगतात की डब्लिनमधल्या डेली नावाच्या नाटकवाल्याने पैज लावली, ‘एका दिवसात मी सगळ्या शहराच्या तोंडी एक निरर्थक शब्द घालून दाखवतो.’ त्याने पोरांना खडू दिले, रातोरात भिंतीभिंतींवर ‘क्विझ’ लिहवून घेतलं आणि सकाळी सगळं गाव एकमेकांना विचारत होतं, हे काय आहे? पैज जिंकली. साल १७९१ सांगतात. गोष्ट झकास आहे, पण ‘विचित्र, चमत्कारिक माणूस’ या अर्थाने हा शब्द १७८० च्या दशकातच लिहिलेला सापडतो. पैजेच्या आधीच शब्द हजर असेल तर पैजेतून तो जन्मला कसा? संपलं.

हीच कसोटी संत्र्याला लावू. वरूड, मोर्शी, काटोलकडच्या माणसाला हा प्रश्न कोणी विचारला तर तो हमखास टीव्हीसमोर सरसावून बसेल. नेहमीचं उत्तर असं की पोर्तुगालमध्ये सिंत्रा नावाचं गाव आहे, तिथून आलं म्हणून संत्रं. पटण्याजोगं आहे. हापूस पोर्तुगीज आफोन्सोच्या नावावरून आला हे आपल्याला ठाऊक असतं, शिवाय गोड संत्री युरोपभर पोहोचवली पोर्तुगीजांनीच. अरबीत तर संत्र्याला पोर्तुगालच्या नावावरून ‘बुर्तुकाल’ म्हणतात. पण बाबराने आपल्या आत्मचरित्रात हिंदुस्थानातल्या फळांची वर्णनं केली आहेत आणि त्यात ‘संगतरा’ आहे. बाबर वारला १५३० मध्ये. वास्को द गामा कालिकतला आला १४९८ ला, गोवा पोर्तुगीजांच्या हाती गेलं १५१० ला. एवढ्या थोड्या वर्षांत पोर्तुगालमधल्या एका गावाचं नाव किनाऱ्यावर उतरलं, फारसी वळणाचं झालं आणि आग्र्याच्या बाजूला फळाचं रुळलेलं नाव बनून बसलं, हे पचायला जड आहे. म्हणून सिंत्राची गोष्ट मी कोणाला पैजेवर सांगणार नाही.

‘नारंगी’चा प्रवास मात्र पक्का आहे. संस्कृत ‘नारंग’, त्यावरून फारसी ‘नारंग’, अरबी ‘नारंज’, स्पॅनिश ‘नारांहा’ आणि मग फ्रेंचमार्गे इंग्रजी ‘ऑरेंज’. इथेही एक खोटी गोष्ट चिकटलेली आहे. म्हणतात, इंग्रज लोक ‘अ नॉरेंज’ म्हणता म्हणता ‘अ‍ॅन ऑरेंज’ म्हणू लागले आणि ‘न’ पडला. प्रत्यक्षात इंग्रजीत येण्याआधीच तो ‘न’ गळालेला होता. ज्या शब्दाचा ‘न’ इंग्रजीत खरोखर असा पडला तो आपल्या गावच्या पोरांच्या तोंडी रोज असतो: अंपायर. मूळ जुना फ्रेंच शब्द ‘नॉनपर’, म्हणजे जोडीत नसलेला, तिसरा. दोघांच्या भांडणात निकाल देणारा तिसरा माणूस. ‘अ नंपायर’चा ‘अ‍ॅन अंपायर’ झाला.

तिसरी कसोटी वाटेची. शब्द माणसांबरोबर प्रवास करतो, म्हणून तो कुठल्या वाटेने आला हे दाखवता आलं पाहिजे. पुण्यामुंबईकडे बटाटा, इकडे आलू. ‘बटाटा’ पोर्तुगीजांनी दक्षिण अमेरिकेकडून आणलेल्या पिकाबरोबर किनाऱ्यावर उतरला आणि पश्चिम महाराष्ट्रात पसरला. आपल्याकडे ते पीक उत्तरेच्या बाजूने आलं म्हणा किंवा उत्तरेशी बाजारहाट जास्त म्हणा, पण नाव राहिलं ‘आलू’, जे संस्कृतातल्या कंदाच्या नावावरून आलंय. म्हणजे बटाट्याला परका शब्द मिळाला आणि आलूला घरचाच जुना शब्द नव्याने वापरायला दिला. मिरचीचंही तसंच. मिरची अमेरिकेतली, पण नाव मिऱ्यांवरून, संस्कृत ‘मरीच’वरून. भिवापूरची लाल मिरची कितीही आपली वाटली तरी मिरचीचं झाड पाचेकशे वर्षांपूर्वी या देशात नव्हतं. शब्द जुना, वस्तू नवी. याचा हिशेब न ठेवता ‘वेदात मरीच आहे, म्हणजे मिरची होती’ असं छातीठोक सांगणारे मेसेज फिरत असतात.

सगळेच पोर्तुगीज शब्द किनाऱ्यावर अडकले असंही नाही. चावी, पगार, लिलाव, घमेलं, बिजागरी हे थेट गडचिरोलीपर्यंत पोहोचले. कुलपं, नोकऱ्या आणि बांधकामं सगळीकडे जातात. भाजीचं नाव मात्र स्थानिक बाजार ठरवतो.

राज्यकर्त्यांनीही शब्द सोडले. वऱ्हाड १८५३ पर्यंत निजामाच्या ताब्यात, नागपूर १८५४ पर्यंत भोसल्यांचं, मग १९५६ पर्यंत आपण मध्य प्रांतात आणि पुढे मध्य प्रदेशात, हिंदी मुलखाबरोबर. म्हणून पुण्याकडचा ‘तलाठी’ आपल्याकडे अजून ‘पटवारी’ असतो, शेतकरी स्वतःला ‘कास्तकार’ म्हणवतो आणि कागदावर गावाच्या नावाआधी ‘मौजा’ येतं. कास्तकार फारसीतून आला, मौजा अरबीतून.

आता तो मथळ्यातला जिन. यवतमाळ, हिंगणघाट, अकोला, अमरावती, कुठेही कापसाच्या पट्ट्यात जा, ‘जिनवर गाडी लावली’ हे वाक्य ऐकू येतं. जिनिंगमध्ये एकीकडून कापूस पडतो, आत धाडधाड आवाज होतो, एकीकडे सरकीचा ढीग लागतो, दुसरीकडे पांढरी रुई उडत राहते आणि कामावरच्या बायांच्या भुवयांनाही ती चिकटते. या मशीनचं नाव जिन का? पानठेल्यावर विचारलं तर उत्तर येतं, ‘अबे, जिन्नासारखं काम करते थे, म्हनून जिन!’ एका यंत्राने दिवसभरात ढीगभर माणसांचं काम केलेलं पाहून असं वाटणं अगदी साहजिक आहे.

खरं काय ते बघू. अमेरिकेत एली व्हिटनीने सरकी काढण्याच्या यंत्राचं पेटंट १७९४ मध्ये घेतलं, पण यंत्राला ‘जिन’ म्हणण्याची चाल त्याच्या कितीतरी आधीची. जुन्या फ्रेंचमधल्या ‘आंजँ’ या शब्दाचं इंग्रजीत आखूड रूप झालं ‘जिन’, म्हणजे युक्तीने केलेली वस्तू, यंत्र. पूर्ण रूप राहिलं ‘एंजिन’. म्हणजे जिनिंगमधला जिन आणि बाहेर कापूस भरून उभ्या असलेल्या ट्रॅक्टरचं इंजिन, दोघे सख्खे भाऊ. आणि इंजिनिअर त्यांच्याच घरातला.

आता त्याच्यासारखे ऐकू येणारे बाकीचे बघा. दिव्यातून निघणारा जिन्न अरबी. ज्या धातूवरून, म्हणजे मूळ क्रियाशब्दावरून, तो आला त्याचा अर्थ ‘लपणे, झाकणे’. घोड्यावरचं जीन फारसी. शाळेची हाफपँट शिवायचे ते जीनचं कापड आणि आताची जीन्स ही इटलीतल्या जिनोआ शहराच्या नावावरून. दारूतली जिन डच ‘येनेव्हर’वरून; मूळ लॅटिनमध्ये जुनिपर नावाच्या झाडाचं नाव, त्याची फळं तिच्यात घालतात. सगळे एका सुरात बोलतात, पण कोणाचं कोणाशी नातं नाही.

आणि एक जीन राहिलं: बियाण्याच्या पाकिटावरचं. २००२ मध्ये बीटी कपाशीला भारतात परवानगी मिळाली. जमिनीत राहणाऱ्या एका जिवाणूतलं जीन कपाशीत घातलं, म्हणून तिला बोंडअळी खाईनाशी झाली (पुढे गुलाबी बोंडअळीने काय केलं ते वेगळं सांगायला नको). हा ‘जीन’ शब्द डेन्मार्कच्या विल्हेल्म योहान्सन या वनस्पतिशास्त्रज्ञाने १९०९ मध्ये वापरात आणला. त्याच्या मुळाशी जन्म आणि वंश सांगणारा ग्रीक धातू आहे, आणि तो आपल्या ‘जन्’ धातूचा, ‘जन्म’, ‘जन’, ‘जाती’ यांचा भाऊबंद आहे. इथपर्यंत ठीक. पण इंजिनच्या मागे गेलं की लॅटिन ‘इन्जेनियुम’ लागतो, म्हणजे जन्मजात बुद्धी, आणि त्यातही तोच ‘जन्मणे’चा धातू बसलेला आहे. म्हणजे सरकी काढणारा जिन आणि सरकीच्या आतलं जीन हे फार लांबचे, पण खरे नातेवाईक निघाले!

सारखा आवाज म्हणजे ‘जिन सगळे एकच’ असं धरून चालणारा पानठेल्यावरचा गडी या एका जोडीपुरता बरोबर ठरला. पण त्याला गुण द्यायचे का? मी नाही देणार. त्याने आवाज ऐकून सांगितलं होतं. त्याच आवाजाच्या भरवशावर त्याने जिन्न, जीन्स आणि दारूही त्याच घरात घातली असती.

खुद्द ‘वऱ्हाड’ या नावाचीही एक लाडकी गोष्ट आहे. कौंडिण्यपूरच्या रुक्मिणीच्या लग्नाला वऱ्हाड आलं, म्हणून मुलुखाचं नाव वऱ्हाड. कृष्णाचं वऱ्हाड आलंच नाही, त्याने तिला पळवून नेलं, ही अडचण कोणी विचारात घेत नाही. अकबराच्या दरबारातल्या अबुल फझलने सोळाव्या शतकाच्या शेवटी ‘आईन-इ-अकबरी’त वेगळंच लिहिलंय: या सुभ्याचं मूळ नाव ‘वरदातट’, म्हणजे वरदेचा, वर्धा नदीचा काठ. हे जास्त शहाणपणाचं वाटतं. पण अबुल फझलने लिहिलं म्हणून त्यावर शिक्का बसत नाही. त्यालाही कोणीतरी सांगितलंच असणार, आणि ‘वरदातट’चा ‘वऱ्हाड’ होताना मधली रूपं कोणती होती ते दाखवावं लागेल. मी याला ‘पारडं जड’ म्हणेन, ‘लॉक केलं’ म्हणणार नाही.

वाशीमचं प्रकरण जास्त नीट आहे. जुनं नाव वत्सगुल्म, वाकाटक राजघराण्याच्या एका शाखेची राजधानी. चौथ्या शतकातला त्यांचा ताम्रपट खुद्द वाशीमला सापडलाय आणि त्यावर ते नाव आहे. प्राकृतात त्याचं ‘वच्छोम’ झालं आणि पुढे वाशीम. तारीख आहे, मधलं रूप आहे, ‘त्स’चा ‘च्छ’ होण्याचा नियमही आहे. तिन्ही कसोट्या एका गावात.

इतकं वाचून असं वाटेल की रंजक गोष्ट म्हणजे खोटी. तसंही नाही. ‘ओके’ची गोष्ट ऐकून कोणीही थाप म्हणेल. बॉस्टनमधल्या एका वर्तमानपत्राने २३ मार्च १८३९ रोजी ‘ऑल करेक्ट’चं मुद्दाम चुकीचं स्पेलिंग करून त्याची आद्याक्षरं छापली, आणि चेष्टेतली ती दोन अक्षरं जगभर पसरली. विश्वास बसणार नाही, पण त्या तारखेचं वर्तमानपत्र आहे. ‘रंगरूट’मध्ये रंगही नाही आणि रूटही नाही, तो इंग्रजी ‘रिक्रूट’ आहे, शिपायांनी आपल्या ओळखीच्या शब्दांत बसवून घेतलेला. ‘लालटेन’ लाल नसते, ती ‘लँटर्न’. आणि ‘सातबारा’? दोनशे वर्षांनी कोणी म्हणेल, सात भाऊ आणि बारा बैल यांच्या वाटणीवरून आला. तो आला गाव नमुना सात आणि गाव नमुना बारा या दोन सरकारी तक्त्यांवरून, इतका साधा.

टीव्हीची खरी अडचण वेगळीच आहे. चार पर्यायांत ‘नक्की सांगता येत नाही’ हा पर्याय ठेवता येत नाही, प्रेक्षक चिडतील. शब्दकोशात मात्र तो मान्य उत्तर असतो. इंग्रजीतल्या ‘डॉग’सारख्या रोजच्या शब्दाचंही मूळ आजवर कोणाला लागलेलं नाही. १९४६ मध्ये कृ. पां. कुलकर्णींचा मराठी व्युत्पत्तिकोश आला. तो किंवा असा कुठलाही कोश वाचताना हे ध्यानात ठेवावं की तिथे ठाम विधानाशेजारी अंदाजही असतो, आणि अंदाज पुढे बदलू शकतो.

वऱ्हाडी शब्दांचं काम तर अजून बरंच बाकी आहे. पोट्टा, भेदरं, धापोडे, काहून या शब्दांवर क्विझ करायचं तर आधी त्यांचे तारीख असलेले पुरावे गोळा करावे लागतील. ती सामग्री आपल्याच भागात पडून आहे. तेराव्या शतकातलं म्हाइंभटांचं ‘लीळाचरित्र’ अमरावती जिल्ह्यातल्या रिद्धपूरचं. आता तिथेच मराठी भाषा विद्यापीठही झालंय. त्याशिवाय जुने खरेदीखताचे कागद, जिनच्या हिशेबाच्या वह्या, लग्नपत्रिका, आजीने मामाला लिहिलेलं पोस्टकार्ड, सगळं चालतं. सापडलं तर शब्द एकटा उचलू नका. तो ज्या वाक्यात आलाय ते पूर्ण वाक्य उतरवा, कागदावरची तारीख आणि गाव लिहा, आणि पूर्ण पानाचा फोटो काढा, कडा कापू नका. तोंडी ऐकलेला शब्द असेल तर सांगणाऱ्याचं वय आणि माहेर-सासरचा तालुका विचारून घ्या. बाया लग्नानंतर शब्द बरोबर नेतात, त्यामुळे दारव्ह्याचा शब्द चिखलीत सापडणं यात नवल नसतं, पण ते कोणी लिहून ठेवलं नाही तर शोधणारा भलत्याच वाटेला लागतो.